वर्गात पाच घरभाषा आणि शाळेची भाषा सहावी: माध्यम कसं ठरवावं?

प्रश्न थोडक्यात असा आहे. वेगवेगळ्या समाजांची वस्ती असलेल्या प्रदेशात सरकारी शाळांचं नियोजन करायचं आहे. पहिलीच्या वर्गात चार-पाच घरभाषांची मुलं येतात आणि शाळेची भाषा त्यांतल्या कुणाच्याच घरची नाही. राष्ट्रीय धोरण सांगतं की देशाची सामायिक भाषा सगळ्यांना आली पाहिजे. पालकांना नोकरीधंद्याची भाषा पहिलीपासून हवी आहे. अल्पसंख्य समाज स्वतःच्या भाषेच्या वेगळ्या शाळा मागत आहेत. मग माध्यम एक ठेवावं की अनेक, आणि यात कुणाचं ऐकावं?

यात तीन वेगळे प्रश्न एकमेकांत अडकले आहेत. मुलाने वाचायला-लिहायला कोणत्या भाषेत शिकावं, हा पहिला. शाळा सोडताना त्याला कोणत्या भाषा किती याव्यात, हा दुसरा. आणि वेगवेगळ्या समाजांची मुलं एका शाळेत बसणार की नाही, हा तिसरा. धोरण लिहिणारे दुसऱ्याचं उत्तर पहिल्यावर लादतात: शेवटी ही भाषा यायला हवी, म्हणून सुरुवातही हिच्यातच करा. समाजाचे पुढारी पहिल्याचं उत्तर तिसऱ्यावर लादतात: आमच्या भाषेत शिकायचं, म्हणून शाळाही वेगळी हवी. या दोन्ही वाक्यांतलं 'म्हणून' तपासून घ्यायला हवं. बहुतेक वाद तिथेच निवळतो.

शाळेच्या पाटीवर कोणत्या माध्यमाचं नाव आहे, यापेक्षा एका भाषेतून दुसऱ्या भाषेत जाण्याचा पूल किती वर्षांचा आहे, तो कोण बांधतं आणि त्याच्या पलीकडच्या टोकाला परीक्षा कोणत्या भाषेत आहे, यावर मुलांचं शिकणं ठरतं. घरभाषेत शिक्षण देणारे चांगल्या हेतूचे कार्यक्रम पूल अर्धवट राहिल्यामुळे कोसळतात आणि दोष मात्र घरभाषेला लागतो. पुढचं सगळं विवेचन या मुद्द्याभोवतीच आहे.

आधी मोजणी करा. 'आमच्याकडे अमुक भाषा बोलतात' हे कार्यालयातलं उत्तर फार वेळा चुकीचं निघतं. जनगणनेचे आकडे जिल्ह्याचे असतात, वर्ग वस्तीचा असतो. पहिलीत दाखल झालेल्या प्रत्येक मुलाबद्दल चार गोष्टी लिहा: आईशी कोणती भाषा बोलतो, आजी-आजोबांशी कोणती, खेळताना कोणती, आणि शाळेची भाषा किती समजते. शेवटची गोष्ट पालकांना विचारून कळत नाही. त्यासाठी मुलाला दहा साध्या सूचना द्या (दार उघड, लाल खडू आण, दोन दगड टोपलीत टाक), एका चित्राबद्दल बोलायला सांगा आणि छोटी गोष्ट ऐकवून ती परत सांगायला लावा. हेच घरभाषेत पुन्हा करा. एका मुलाला दोन्ही मिळून दहा ते पंधरा मिनिटं लागतात. सूचना देताना हातवारे करायचे नाहीत, नाहीतर मूल भाषा समजून नव्हे तर हात पाहून काम करतं आणि नोंद फुगते.

मोजणीनंतर वर्ग साधारण चार प्रकारांत बसतात आणि प्रत्येकाचा उपाय वेगळा असतो. काही वर्गांत सगळ्या मुलांची घरभाषा एक असते आणि शिक्षकालाही ती येते. इथे घरभाषेतून शिकवायला अडचण नाही, फक्त पुस्तकं हवीत. काहींत मुलांची भाषा एक, पण शिक्षक बाहेरचा. इथे खरा प्रश्न नेमणुकीचा असतो. काहींत दोन किंवा तीन भाषांचे मोठे गट असतात. आणि काही वर्गांत, विशेषतः शहरांतल्या आणि कामासाठी स्थलांतर होणाऱ्या वस्त्यांत, सहा-सात भाषांची दोन-दोन, तीन-तीन मुलं असतात. तिथे एकाच घरभाषेचं माध्यम शक्य नसतं. तुमचा वर्ग यांतल्या तिसऱ्या प्रकारचा आहे की चौथ्या, हे प्रश्नावरून कळत नाही आणि उत्तर त्यावर बरंच अवलंबून आहे. म्हणून दोन्हींबद्दल लिहितो आहे.

आता सुरुवात घरभाषेतच का. युनेस्कोच्या १९५३ च्या अहवालापासून हे सांगितलं जात आहे, तरी आजही जागतिक बँकेच्या २०२१ च्या अहवालानुसार कमी आणि मध्यम उत्पन्नाच्या देशांतली ३७ टक्के मुलं त्यांना न समजणाऱ्या भाषेत शिकतात. घरभाषेत सुरुवात करण्याचं कारण भावनिक नाही, तांत्रिक आहे. वाचायला शिकणं म्हणजे आधी ओळखीच्या शब्दाचा आवाज खुणेशी जोडणं. मुलाने अक्षरं जुळवून शब्द उच्चारला आणि तो शब्द त्याच्या कानाच्या ओळखीचा असला की जुळवणी बरोबर झाली हे त्याचं त्यालाच कळतं. शब्द अनोळखी असेल तर ही स्वतःची पडताळणी बंद पडते. मूल पाठांतराकडे वळतं, पान तोंडपाठ म्हणतं आणि शिक्षकाला वाटतं की वाचता येतंय. पुस्तक उलटं धरलं किंवा त्याच शब्दांचं नवं वाक्य फळ्यावर लिहिलं की हे उघड होतं. चिन्हांवरून शब्द उकलण्याचं कौशल्य मात्र एकदाच शिकावं लागतं. ते एका भाषेत आलं की दुसऱ्या भाषेत बरंचसं तयार मिळतं.

लिपीचा हिशेब वेगळा धरा. घरभाषा आणि शाळेची भाषा एकाच लिपीत लिहिल्या जात असतील तर दुसऱ्या भाषेचं वाचन सुरू करायला फारसा वेळ लागत नाही. लिपी वेगळी असेल तर पहिल्या लिपीत वाचन स्थिर झाल्यावर, म्हणजे साधारण एका वर्षाच्या अंतराने, दुसरी आणा. स्वरचिन्हं आणि जोडाक्षरं असलेल्या लिप्यांत चिन्हांची संख्या मोठी असते. सगळ्या जोडण्या पक्क्या व्हायला तिसरी-चौथी उजाडते. रोमनसारख्या लिपीत, शुद्धलेखन नियमित असेल तर, हे काम बरंच लवकर होतं. परदेशी कार्यक्रमाचं वेळापत्रक जसंच्या तसं उचललं की पहिली ठेच इथे लागते.

तीनशे मिनिटांचा शाळेचा दिवस धरून मी पुढीलप्रमाणे वाटणी सुचवेन. पहिलीत घरभाषेतलं वाचन-लेखन ९० मिनिटं, गणित घरभाषेत ६०, परिसर-गोष्टी-गाणी घरभाषेत ६०, शाळेची भाषा फक्त तोंडी ४० आणि उरलेला वेळ खेळ-चित्रकलेला. 'फक्त तोंडी' हे शब्द शब्दशः घ्या. फळ्यावर अक्षर नाही, वहीत नक्कल नाही. ऐकणं, सूचना पाळणं, खेळ, चित्रांवर बोलणं एवढंच. दुसरीत हा तोंडी वेळ ४५ मिनिटांवर न्या आणि मुलांना ऐकून तीनशे ते पाचशे शब्द ओळखू येऊ लागले की दुसऱ्या सत्रात २० मिनिटं वाचन सुरू करा. तिसरीत दोन्ही भाषांना ६०-६० मिनिटं. गणित घरभाषेतच, पण शेवटची दहा मिनिटं शाळेच्या भाषेतल्या संज्ञा आणि वाक्यं: 'किती उरले', 'दुप्पट', 'समान भाग करा' यांसारखी.

चौथीपासून विषय एकेक करून पलीकडे न्यायचे. बरेच जण गणित आधी हलवतात, कारण त्यात चिन्हं सारखी असतात. माझं मत थोडं वेगळं आहे. आधी कला आणि शारीरिक शिक्षण, मग प्रयोगावर उभं असलेलं विज्ञान, त्यानंतर गणित आणि सगळ्यात शेवटी इतिहास-समाजशास्त्र. निकष असा की वस्तू डोळ्यांसमोर असेल तर भाषेचा भार हलका होतो. गणिताची आकडेमोड सोपी वाटते, पण चौथीतल्या शाब्दिक उदाहरणांत एका वाक्यात तीन अटी असतात आणि तिथे मूल गणितात नाही, वाक्यात अडकतं. इतिहास तर निव्वळ मजकूर आहे. तो सातवीपर्यंत घरभाषेत राहिला तर काही बिघडत नाही.

व्यवस्था मोडते ती बहुधा याच टप्प्यावर. तिसरीपर्यंत घरभाषा, चौथीच्या पहिल्या दिवशी सगळं दुसऱ्या भाषेत, असा कडेलोट अनेक देशांनी केला आहे. चौथीतच पुस्तकं जाड होतात, विषय वेगळे होतात, गोष्टीसारखा मजकूर जाऊन व्याख्या आणि वर्गीकरण येतं. दोन्ही बदल एकाच वर्षी होतात. दक्षिण आफ्रिकेत १९९० च्या सुमारास झालेल्या एका अभ्यासात दिसलं की इंग्रजी विषय म्हणून शिकून आलेल्या मुलांकडे या वळणावर जेमतेम ८०० इंग्रजी शब्द होते आणि पुढच्या इयत्तेच्या पुस्तकांना त्याच्या कित्येक पट लागत होते. कॅनडातले अभ्यासक जिम कमिन्स यांनी १९७९ मध्ये मांडलेला फरक इथे उपयोगी पडतो. बोलण्याची भाषा मुलं साधारण दोन वर्षांत पकडतात, अभ्यासाची भाषा यायला पाच ते सात वर्षं लागतात. मैदानावर मूल सफाईने बोलतं आणि उताऱ्यावरच्या प्रश्नाला गप्प बसतं, ते या फरकामुळे. वर्गशिक्षकाने त्याला आळशी ठरवण्याआधी हे लक्षात घ्यावं. म्हणून घरभाषेचा टेकू सहावीपर्यंत, जमलं तर आठवीपर्यंत हवा. इथिओपियाच्या १९९४ च्या धोरणाने घरभाषेचं माध्यम आठवीपर्यंत नेलं होतं. भारताच्या २०२० च्या शैक्षणिक धोरणातही किमान पाचवीपर्यंत आणि शक्यतो आठवीपर्यंत अशी शिफारस आहे.

इथे एक आक्षेप हमखास येतो: कॅनडात इंग्रजी बोलणारी मुलं पहिल्यापासून फ्रेंचमध्ये शिकतात आणि उत्तम शिकतात, मग आपल्याकडे का नाही? क्युबेकमधल्या सेंट लॅम्बर्टला १९६५ मध्ये सुरू झालेला तो प्रयोग खरा आहे, पण त्याच्या अटी बघा. त्या मुलांची घरभाषा इंग्रजी होती आणि तिला कुठलाच धोका नव्हता. घरात पुस्तकं होती, पालकांनी स्वतः निवड केली होती, शिक्षकांना दोन्ही भाषा येत होत्या आणि मूल इंग्रजीत बोललं तरी शिक्षकाला समजत होतं. शिवाय वर्गातल्या सगळ्यांनाच फ्रेंच नवी होती. ज्या वर्गात काहींच्या घरची भाषा हीच शाळेची भाषा असते आणि बाकीच्यांना ती परकी असते, तिथे हा दाखला चालत नाही.

तासाची बांधणीही सांगतो, कारण चौथी ते सहावी या काळात शिक्षक सर्वांत जास्त गोंधळतात. ओळीओळीचं भाषांतर करू नका. मूल शहाणं असतं. शाळेच्या भाषेतलं वाक्य संपलं की आपल्या भाषेत ते येणारच हे त्याला कळतं आणि पहिलं वाक्य ते ऐकायचंच सोडून देतं. त्याऐवजी ४० मिनिटांच्या तासात सुरुवातीची ८-१० मिनिटं घरभाषेत: आज काय शिकणार, कुठली कल्पना, कुठले पाच-सहा नवे शब्द. मग २० मिनिटं पूर्णपणे शाळेच्या भाषेत, चित्र, वस्तू आणि छोट्या वाक्यांच्या आधाराने. शेवटची दहा मिनिटं पुन्हा घरभाषेत: काय कळलं ते मुलांनी सांगायचं. शेवटचा भाग वेळेअभावी कापला जातो, आणि नेमकी तिथेच कुणाला काय कळलं नाही ते समजतं. कापायचंच असेल तर मधली पाच मिनिटं कापा.

आता मिश्र वर्ग. दोन-तीन मोठे गट असतील तर उपाय वेळापत्रकात आहे. सगळ्या शाळेची भाषेची तासिका एकाच वेळी ठेवा, उदाहरणार्थ सकाळचे पहिले ९० मिनिट. त्या वेळात मुलं आपापल्या भाषागटात जातात. पहिली-दुसरीची एका भाषेची मुलं एकत्र बसली तरी चालतं. त्यानंतर सगळे मूळ वर्गात परत. एरवी तीन भाषांना इयत्तेगणिक वेगळे शिक्षक लागले असते, या रचनेत बरेच कमी पुरतात. तासिका वेगवेगळ्या वेळी ठेवल्या की दुसऱ्या वर्गाचा विषय बुडतो, पालक तक्रार करतात आणि महिन्याभरात रचना गुंडाळली जाते.

गट किती मुलांचा झाला की शिक्षक द्यायचा, हा आकडा लेखी ठरवा. भारतात १९४९ च्या प्रांतिक शिक्षणमंत्र्यांच्या परिषदेने प्राथमिक स्तरासाठी शाळेत ४० किंवा वर्गात १० मुलं असा निकष घातला होता. पुढे १९५६ मध्ये घटनेत आलेल्या ३५०-क या अनुच्छेदाने अल्पसंख्य भाषिक मुलांना प्राथमिक स्तरावर मातृभाषेत शिकण्याची पुरेशी सोय करण्याचं कर्तव्य राज्यांवर टाकलं. स्वीडनमध्ये एका नगरपालिकेत एका भाषेची किमान पाच मुलं असली आणि योग्य शिक्षक मिळाला तर मातृभाषेचा तास द्यावा लागतो. लक्षात घ्या, तिथे मोजणी एका शाळेची नाही, संपूर्ण नगरपालिकेची आहे. त्यामुळे विखुरलेले लहान गटही सुटत नाहीत. आकडा लेखी नसला की निर्णय मुख्याध्यापकाच्या मर्जीवर जातो आणि सर्वांत गरीब समाजाची मुलं पहिली वगळली जातात.

सहा-सात भाषांची दोन-दोन मुलं असलेल्या वर्गात माध्यम वस्तीतल्या संपर्कभाषेचं ठेवा, म्हणजे खेळताना मुलं एकमेकांशी बोलतात ती भाषा. घरभाषांना जागा तरीही द्यायची: एका भाषेच्या दोन मुलांना शेजारी बसवा, उत्तर आधी आपसांत कुठल्याही भाषेत ठरवू द्या, पालकांकडून गोष्टी ध्वनिमुद्रित करून घ्या, पहिल्या वर्षी उत्तरं कुठल्याही भाषेत मान्य करा. वर्षाच्या मध्यावर आलेल्या नव्या मुलासाठी वेगळा वर्ग ठेवायचा असेल तर तो दिवसाचा काही वेळच ठेवा आणि एका वर्षापलीकडे नेऊ नका. वेगळ्या वर्गात फक्त नवशिके असतात, मग ती भाषा ऐकायची कुणाकडून?

वेगळ्या शाळांचा मुद्दा सर्वांत नाजूक आहे. या मागणीमागची भीती खरी असते. सामायिक शाळेत आपल्या मुलाची भाषा पुसली जाईल असं वाटणारा बाप चुकीचा नसतो, त्याने तसं घडताना पाहिलेलं असतं. मलेशियात राष्ट्रीय शाळांबरोबरच चिनी आणि तमिळ माध्यमाच्या सरकारमान्य प्राथमिक शाळा आहेत. माध्यमिक स्तरावर मुख्य प्रवाहात येताना ज्यांची मलय भाषा कच्ची आहे त्यांच्यासाठी एका वर्षाचा संक्रमण वर्ग असतो. भाषा टिकली, पण लहानपणाची सहा वर्षं मुलं वेगळी वाढतात ही तक्रार तिथे कायम आहे. बोस्नियात १९९० च्या दशकातल्या युद्धानंतर काही ठिकाणी एका छताखाली दोन शाळा उभ्या राहिल्या: इमारत एक, दारं वेगळी किंवा पाळ्या वेगळ्या, अभ्यासक्रमही वेगळा. तिथल्या भाषा एकमेकांना सहज समजतात, म्हणजे विभागणीला शिकण्याच्या सोयीचंही कारण नव्हतं. श्रीलंकेत सिंहली आणि तमिळ माध्यमाची मुलं पिढ्यान्‌पिढ्या वेगळ्या शाळांत किंवा तुकड्यांत शिकली. घरभाषा मिळाली, एकमेकांची भाषा शिकण्याकडे मात्र दुर्लक्ष झालं.

दुसऱ्या टोकाला सिंगापूर आहे. शाळा सामायिक, १९८७ पासून सर्वत्र इंग्रजी ही प्रथम भाषा, आणि मँडरिन, मलय किंवा तमिळ 'मातृभाषा' म्हणून अनिवार्य. मुलं एकत्र वाढली, पण ही मातृभाषा घरावरून नव्हे, वंशावरून ठरली. होक्कियन किंवा कँटोनीज या चिनी बोली बोलणाऱ्या घरांतल्या मुलांना सुरुवातीच्या काळात इंग्रजी आणि मँडरिन दोन्ही नव्याच होत्या आणि शिक्षणव्यवस्थेवरच्या १९७९ च्या सरकारी गोह अहवालात गळती आणि नापासांचं प्रमाण हा मोठा विषय होता. मला सर्वांत शिकण्यासारखी वाटते ती इटलीच्या दक्षिण टिरोलमधल्या लादिन खोऱ्यांची रचना. त्याच प्रांतात जर्मन आणि इटालियन शाळा वेगळ्या आहेत, पण लादिन भाषक खोऱ्यांत शाळा एकच. विषय जर्मन आणि इटालियनमध्ये समसमान वाटलेले, आणि लादिन हा विषय तर आहेच, शिवाय सुरुवातीच्या वर्षांत समजावून सांगण्याची भाषाही तीच. अर्थात तिथे पैसा आहे आणि शिक्षकांना तिन्ही भाषा याव्या लागतात. तो भाग सोडून फक्त वेळापत्रक उचलून चालणार नाही.

तेव्हा इथपर्यंतचं सार: पहिलं वाचन घरभाषेत किंवा वस्तीच्या संपर्कभाषेत, शाळेची सामायिक भाषा पहिल्या दिवसापासून पण तोंडी, विषयांचं स्थलांतर चौथी ते सातवी एकेक करून, भाषागट वेगळे पण शाळा आणि उरलेला दिवस एकत्र. शाळा एकत्र ठेवली की इतिहास कुणाचा शिकवायचा हा प्रश्न येतो; त्याबद्दल एवढंच सांगेन की सामायिक आराखडा एकच ठेवा आणि स्थानिक प्रकरणांना त्यात ठरीव जागा द्या. ती जागा परीक्षेत गुणांसह असली पाहिजे, नाहीतर ती प्रकरणं कुणी उघडतही नाही.

कागदावरची रचना प्रत्यक्षात तीन ठिकाणी फुटते. पहिलं, नेमणुका. शिक्षकाच्या सेवापुस्तकात त्याला कोणत्या भाषा बोलता आणि लिहिता येतात याची नोंद नसते, त्यामुळे बदल्या भाषेकडे न पाहता होतात. ही नोंद तोंडी चाचणी घेऊन करा आणि बदलीच्या नियमात घाला. घरभाषेचा शिक्षक मिळत नसेल तर वस्तीतला भाषा-सहायक नेमा, पण मानधन नियमित द्या. सत्राच्या मध्यावर मानधन थकलं की सहायक जातो आणि पहिलीचा वर्ग अर्ध्यावर परक्या भाषेत पडतो. हे न सुरू करण्यापेक्षा वाईट. सहायकाला फक्त दुभाषा बनवू नका. गोष्ट सांगणं, वाचून दाखवणं आणि मुलांचं लेखन तपासणं ही त्याची स्वतःची कामं असावीत.

दुसरं, पुस्तकं. एका पाठ्यपुस्तकावर कुणी वाचायला शिकत नाही. प्रत्येक इयत्तेसाठी प्रत्येक भाषेत किमान चाळीस-पन्नास छोटी पुस्तकं लागतात. सर्वांत सोपी आठ पानांची, पानाला तीन ते पाच शब्दांचं एक वाक्य. तिसरीपर्यंत सोळा पानं, पानाला पाच-सहा वाक्यं. ती सामायिक भाषेतून भाषांतरित करू नका. मोठ्यांकडून गोष्टी सांगून घ्या आणि लिहून काढा, म्हणजे वाक्यरचना मुलांच्या कानाची राहते. भाषा आजवर लिहिलीच गेली नसेल तर सामायिक भाषेची लिपी वापरा, पण तिच्यात नसलेल्या ध्वनींना खूण द्या आणि ती लेखनपद्धत छापण्याआधी वीस-तीस मुलांकडून वाचून घ्या. बोलीतले फरक वाचनाच्या पुस्तकात एका रूपात ठेवावे लागतात. लिहिताना मात्र मुलाला स्वतःचं रूप लिहू द्या. प्रमाणरूपाचा आग्रह पहिलीत धरला की घरभाषाही परकी होऊन बसते.

तिसरं, परीक्षा. शालान्त परीक्षा आणि पुढचा प्रवेश एकाच भाषेत असेल तर पालक ती भाषा पहिलीपासून मागणारच, आणि त्यांचा हिशेब चुकीचा नाही. म्हणून आठवीपर्यंतच्या प्रश्नपत्रिका दोन भाषांत समोरासमोर छापा: डाव्या पानावर एक, उजव्यावर दुसरी. उत्तर कुठल्याही भाषेत मान्य करा. विज्ञान-गणितात भाषेच्या चुकीचे गुण कापू नका आणि तसं तपासनीसांच्या सूचनापत्रात लिहा. सहावीपर्यंत गणिताचा प्रश्न मोठ्याने वाचून दाखवायला परवानगी द्या. एकाच मुलाचे वाचून दाखवलेल्या आणि न दाखवलेल्या उदाहरणांतले गुण शेजारी ठेवून पाहिले की अडचण भाषेची आहे की गणिताची, ते तिथल्या तिथे कळतं.

पालकांशी बोलताना संस्कृतीपासून सुरुवात करू नका, मुलाचं नुकसान कसं टळेल तिथून करा. त्यांना विचारायचं असतं एकच: नोकरीची भाषा येईल का? उत्तर ठोस द्या: कुठल्या इयत्तेत किती मिनिटं आणि वर्षअखेर मूल काय करू शकेल. दर सत्राला मुलांकडून पालकांसमोर दोन्ही भाषांत वाचून घ्या. हे न केल्याची किंमत मोठी असते. पापुआ न्यू गिनीने १९९० च्या दशकात सुरुवातीच्या इयत्ता शेकडो स्थानिक भाषांत नेल्या. शिक्षक-प्रशिक्षण आणि पुस्तकं मागे पडली, इंग्रजी कच्ची राहिल्याची तक्रार वाढली आणि २०१३ पासून सरकार पुन्हा सुरुवातीपासून इंग्रजीकडे वळलं. फिलिपिन्समध्ये कायद्याने आणलेलं मातृभाषा माध्यम १९ भाषांत चालत होतं, पण देशात भाषा शंभराहून अधिक. अनेक वर्गांत 'मातृभाषा' म्हणून प्रत्यक्षात प्रदेशातली मोठी भाषा आली. २०२४ च्या कायद्याने ते अनिवार्य माध्यम म्हणून काढलं गेलं आणि एकाच भाषेच्या वर्गांसाठी ऐच्छिक राहिलं. उलट दिशेचं उदाहरणही आहे. मलेशियाने २००३ मध्ये विज्ञान-गणित इंग्रजीत नेलं, ग्रामीण मुलं आणि शिक्षक दोघेही अडखळले आणि २००९ मध्ये ते मागे घेण्याचा निर्णय झाला. घाईने लादलेला बदल कुठल्या भाषेचा होता, याने फारसा फरक पडला नाही.

शेवटी, पूल टिकतो आहे का हे पाहण्याची चाचणी. तिसरीच्या मुलाला घरभाषेतला अनोळखी उतारा द्या. मिनिटाला ४५ ते ६० शब्द हा अनेक ठिकाणी वापरला जाणारा अंदाज आहे, पण प्रत्यय जोडून लांब शब्द बनवणाऱ्या भाषांत तो कमी धरा आणि खरा भर पाचपैकी चार प्रश्नांच्या बरोबर उत्तरांवर ठेवा. शाळेच्या भाषेत त्याच मुलाने दोन मिनिटं चित्राबद्दल सलग बोलून दाखवावं. निम्म्याहून अधिक मुलं इथवर पोचली नसतील तर चौथीतलं विज्ञानाचं स्थलांतर एक वर्ष पुढे ढकला आणि तो वेळ वाचनाच्या पुस्तकांना द्या. ही चाचणी वर्षअखेरीस घेऊ नका. तोवर पुढच्या वर्षीची पुस्तकं छापायला गेलेली असतात आणि नेमणुका झालेल्या असतात. दुसऱ्या सत्राच्या मध्यावर घ्या, म्हणजे निकाल पाहून वेळापत्रक बदलता येईल.